पोरगी फ्रेममध्ये येतेय

आमचं तिघांचं युनिट चहाला बसलं की विषय कुठलाही असो, गाडी थेरगावच्या त्या खोलीवर येतेच. शूट झालेलं एडिटला कापता येतं, राव. शूट न झालेलं मात्र साठत जातं, आणि सांगितल्याशिवाय चैन पडत नाही!

फिल्म बालमजुरीवर. श्रुती दिग्दर्शक, केदार कॅमेऱ्यावर, मी साउंडला. श्रुतीचा नियम एकच: प्रश्न विचारायचे नाहीत, मधे पडायचं नाही. नुसतं बघायचं.

*

सुरुवात चाकणला. एका शेडच्या मालकाकडे परवानगी मागायला गेलो. "आमच्याकडं ल्हान पोरं न्हाईत कामाला," असं ते सांगतायत, तोवर दहाएक वर्षांची मुलगी पत्र्याच्या तुकड्यांचं घमेलं घेऊन मधूनच गेली.

"ही?" श्रुतीनं विचारलं.

"ही व्हय? भाची हाय माझी. सुट्टीला आलीय."

शेजारच्या शेडमध्येही भाची. त्यापुढच्या शेडमध्ये दोन!

बाहेर आल्यावर केदार म्हणाला, "या पट्ट्यातले मामा फारच प्रेमळ दिसतात!"

परवानगी कुणीच दिली नाही.

*

शेवटी थेरगावात एक खोली मिळाली. परभणीकडचं कुटुंब. वडील चाकणला कंत्राटी कामावर. आई सुनीताताई आणि अकरा वर्षांची पूजा घरी बसून गाड्यांच्या रबरी रिंगांची जादा कड ब्लेडनं कापायच्या. गोणीच्या गोणी. पूजाची शाळा गाव सोडलं तेव्हाच सुटलेली. शूटिंगचं विचारलं तर सुनीताताई म्हणाल्या, "करा की. लपवायचं काय त्यात?"

पहिल्या दिवशी पूजा सारखी कॅमेऱ्यात बघायची. श्रुती म्हणाली, "आम्ही इथं नाहीच असं समज."

"बरं." मान खाली घालून तिनं थोड्या रिंगा कापल्या. मग हळूच आईला विचारते, "मंग दारात चपला कुणाच्या हाईत गं?"

*

एक दिवस गोण्या टाकणारा ठेकेदार स्कूटरवरून आला. कॅमेरा बघून आता हा आपल्याला हाकलणार, या मायलेकींचं कामही जाणार, असं वाटून मी माईक खाली घेतला. गड्यानं खिशातून कंगवा काढला! भांग पाडला, गोणीवर बसला आणि लेन्समध्ये बघून म्हणाला, "आम्ही महिलांना घरबसल्या रोजगार देतो."

त्याच्या मागं पूजा रिंगा कापतेय.

मधेच थांबून तो केदारला म्हणाला, "भाऊ, पोरीला जरा सरकवा ना. फ्रेममध्ये येतेय!"

*

पुढचा किस्सा चहाचा कप बाजूला ठेवूनच सांगावा लागतो. हेडफोन कानाला होता. ब्लेडचा आवाज एकदम थांबला आणि पूजानं श्वास आत ओढलेला ऐकू आला. बोटातून रक्ताची धार. कॅमेरा चालू, नियम म्हणजे नियम! मी माईकचा दांडा टाकला आणि तिचा हात धरला. आता श्रुती ओरडणार असं वाटलं, पण ती माझ्याआधीच ओढणीचं टोक फाडत होती. सुनीताताई हळद घेऊन धावल्या.

पूजा रडली नाही. खाली पडलेल्या माईककडे बघत म्हणाली, "दादा, माझ्यामुळं बिघडलं का? परत करू?"

*

त्यानंतर शूटिंग थांबलं. श्रुतीला घरी बसवेना. पूजाला शाळेत घाला म्हणायला ती रोज एकटीच थेरगावला जायची. सुनीताताईंचं म्हणणं, "ताई, शाळेत घालीन. पण न्यायचं-आणायचं कुणी? मी काम सोडून कुठं जाऊ?"

श्रुतीनं शेजारणीला गाठलं. तिच्या दोन मुली जवळच्याच शाळेत जायच्या. त्यांच्यासोबत पूजानं जायचं ठरलं. हेडमास्तरांकडे चार खेपा झाल्या. गोण्या येतच राहिल्या, त्या आता सुनीताताई एकट्या संपवायच्या.

शाळेच्या पहिल्या दिवशी आम्ही तिघंही गेलो. सामान मुद्दाम घरी ठेवलं. तिचा दिवस तिलाच असू दे, म्हटलं. शेजारच्या मुलीचा जुना युनिफॉर्म घालून पूजा फाटकातून आत गेली, आणि पळत परत आली. केदारच्या हातांकडे बघत राहिली.

"दादा, कॅमेरा?"

"आज नाही आणला."

तिचा चेहरा पडला.

"मंग मी शाळेत गेले, हे खरं कसं वाटंल?"