मच्छिंद्रभाऊंचं एक मिनिट

आमच्या ओट्याचा काळा ग्रॅनाइट ब्राझीलचा आहे, हे मला जुसारामुळे कळलं. ती इथे आखातात, मदिनत खलीफा वस्तीत, आमची शेजारीण, त्या खाणींच्याच गावची. तिकडचा दगड इथे कोण कापतं, यावर ती अकरा मिनिटांची डॉक्युमेंटरी करत होती. कॅमेरा तिचा, माइक उसना, दुभाषी मी आणि स्टुडिओ माझं स्वयंपाकघर.

दगड कापणारे मच्छिंद्रभाऊ पाथर्डीकडचे, चौदा वर्षं इथे एकटे. ओटा त्यांनीच बसवलेला. इस्त्रीचा शर्ट घालून आले, ओट्याची कड बोटांनी तपासली आणि मला बाजूला घेऊन म्हणाले, "ताई, खोकला आला तर तेवढा पुसायला सांगा त्या बाईंना. आमची बायकू केसर बघंल गावाकडं. तिला ठाऊक न्हाई."

मुलाखत नीट झाली. पाणी मारून कापायला साइटवर सवड नसते, कोरडंच कापावं लागतं, हेही ते हसत सांगून गेले. तब्येत? "एकदम झकास!"

शेवटी जुसाराला खोलीतली नुसती शांतता हवी होती, एक मिनिट. फिल्मचे तुकडे जोडताना लागते म्हणे. एसी बंद, फ्रिज बंद. भाऊंनी श्वास धरून ठेवला. मानेच्या शिरा फुगल्या, आणि मग खोकला फुटला तो थांबेचना. ओटा धरून ते वाकले.

"खलास," तोंड पुसत म्हणाले. "फोडणीचा ठसका लागला म्हणा."

गॅस सकाळपासून पेटला नव्हता.

जुसाराला तो खोकला ठेवायचा होता. मी भांडले, भाऊंना शब्द दिला होता. शेवटी तिने तो पुसून टाकला आणि रिकाम्या स्वयंपाकघराची शांतता तिथे जोडली.

फिल्म पुरी व्हायच्या आतच भाऊ गेले. छातीत दगडाची धूळ साठली होती.

केसरबाईंना मी फिल्म पाठवली. तासाभरात त्यांचा फोन.

"ताई, हे कवाचं हाय? यात खोकत न्हाईत."

"तुम्हाला कळू नये म्हणून त्यांनीच..."

"कळू नये? पाच वरसं ऐकत व्हते की! फोन उचलला की आधी खोकला यायचा, मग हे बोलायचे. लपलंय असं वाटायचं त्यांना, म्हणून मी इचारलं न्हाई. तेवढा खोकला आसंल तर धाडा, ताई."

पुसलाय, हे माझ्याच्यानं सांगवेना.

"शोधते," मी म्हटलं.