शेवटचं वाक्य तालमीत बोलायचं नसतं

होरेस पिंब्लेटचा चेहरा न पाहिलेला माणूस त्या काळच्या इंग्लंडात सापडायचा नाही. विनोदी सिनेमात जप्ती घेऊन दारात उभा राहणारा बेलिफ, तो होरेस. सूपमध्ये अंगठा बुडवून ताटली मांडणारा वेटर, तो होरेस. मागे चोर शिडी चढतोय आणि पुढे हवालदार ढगांकडे बघून "पावसाचं काही खरं नाही" म्हणतोय, तर तो हवालदारही होरेसच. यायचा, एक वाक्य टाकायचा, जायचा. लांबुडकं तोंड, ओघळलेल्या मिशा, आणि आत्ताच कुणी एरंडेल पाजलंय असे डोळे. देवानं बाकी काही दिलं नव्हतं, पण चेहरा मात्र सढळ हातानं दिला होता.

बाप बोल्टनच्या सूतगिरणीत होता. त्याचं पोराबद्दल एकच मत, "ह्याला यंत्रापुढे उभं केलं तर यंत्रच रडायला लागेल." म्हणून की काय, पोरगं नाटकवाल्यांत शिरलं. तेही कसं? नाताळातल्या गाण्या-गोंधळाच्या खेळात गाईचे मागचे पाय म्हणून. गाईच्या कातड्यात दोन माणसं. पुढचा मान हलवणार, टाळ्या घेणार. मागचा कंबरेत वाकून पुढच्याच्या पट्ट्याला धरून अंधारात चालणार. पुढच्यानं दुपारी कांदा खाल्ला असला तर मागच्याचं काही खरं नाही. पण हसू नका, त्या कातड्यात होरेस घडला. तोंड दिसत नाही, आवाज काढायचा नाही, तरी लोक हसले पाहिजेत. पुढचे पाय बसले की मागच्यांनी लगेच बसायचं नाही. जरा थांबायचं. लोकांना वाटलं पाहिजे की गाय विचारात पडलीय. मग धपकन बसायचं. सगळं थिएटर कोसळायचं हसून. कधी थांबायचं आणि किती थांबायचं, एवढीच होरेसची विद्या. ती त्याला आयुष्यभर पुरली.

आणि त्याच कंपनीत त्याला ते वेड लागलं. जुन्या नाटकवाल्यांचा दंडक आहे, नाटकाचं शेवटचं वाक्य तालमीत उच्चारायचं नाही. महिनाभर तालमी करा, पण ते वाक्य आलं की गप्प राहायचं, नाहीतर 'टमटम टमटम' म्हणून वेळ मारून न्यायची. ते वाक्य लोकांपुढे, पहिल्या खेळालाच बोलायचं. देवाला दाखवायच्या आधी नैवेद्य आपण चाखतो का? नाही ना! तसंच ते. होरेस चर्चमध्ये वर्षातून एकदा जायचा, तोही केकसाठी, पण हा दंडक म्हणजे त्याचा धर्म होता. गंमत ही की शेवटचं वाक्य त्याच्या वाट्याला कधी आलंच नव्हतं. शेवटी बोलायचा तो राजपुत्र. गाईला कोण विचारतो!

पुढे त्यानं समुद्रकाठच्या गावांत गाण्याच्या कंपन्यांतून पावसात भिजणाऱ्या लोकांना हसवलं, तिथल्याच पियानोवालीशी, विनीशी, लग्न केलं आणि दोघं लंडनला स्ट्रेथममध्ये येऊन राहिली. सिनेमात कामं मिळायला लागली. पण सिनेमाला कात्री असते. लांबी जास्त झाली की कापायला आधी कोण? होरेस. एकदा तर विनीची बहीण मेबल नवऱ्याला आणि सासूला घेऊन बोल्टनहून मुद्दाम सिनेमा बघायला आली आणि होरेस अख्खाच कापला गेलेला.

"छान होता हो सिनेमा," बाहेर आल्यावर मेबल म्हणाली. "तू कुठे होतास रे होरेस? तिकिटं फाडायला?"

होरेस हसला, पण त्या रात्री जेवला नाही. विनीला कळलं. हसवणाऱ्या माणसाचं दुःख तेच असतं हो, त्याचं हसू कुणीतरी मधल्यामध्ये गिळून टाकतं आणि तक्रार करायला जागा नाही.

दुसरी मोठी लढाई संपून काही वर्षं झाली होती, साखर अजून रेशनवर होती. तेव्हाची ही गोष्ट. सिनेमा मोरकंबच्या समुद्रकाठच्या एका राहण्या-जेवणाच्या खाणावळीचा. तिथली मालकीण चिडकी पण प्रेमळ. एका बड्या शेटला ते घर पाडून हॉटेल बांधायचंय. मग तिथं राहणारे सगळे मिळून चादरी पांघरून खोटी भुतं होतात आणि शेटला पळवून लावतात. होरेसचं काम? खिडकीजवळच्या खुर्चीत वर्तमानपत्र वाचत बसणारा म्हातारा भाडेकरू. संपूर्ण सिनेमात त्याच्याशी कुणी बोलत नाही आणि तोही कुणाशी बोलत नाही. एक शब्द नाही! गाईचे मागचे पाय निदान चालायचे तरी.

शेवट असा होता. सगळं निस्तरल्यावर मालकीण चहा ओतताना म्हणते, "बरं झालं बाई, आपल्या घरात खरं भूत कधी नव्हतंच." सगळे हसतात. संपलं.

सिनेमा लिहिणारी हिल्डा क्रॅबट्री, यॉर्कशरची फटकळ बाई. तिला हा शेवट रुचत नव्हता. चित्रीकरणाच्या पहिल्याच सकाळी चहाच्या रांगेत तिनं होरेसला कोपरानं ढोसलं.

"पिंब्लेट, माझा शेवट टोस्ट चहात पडावा तसा झालाय. काल सुचलं. मालकिणीच्या, म्हणजे मॉडच्या, वाक्यानंतर अजून एक वाक्य हवं. आणि ते तुझं."

"माझं?" होरेसच्या कपातला चहा बशीत आला.

"तुझंच. कान इकडे कर."

तिनं कानात सांगितलं. होरेसच्या चेहऱ्यावरची माशी हलली नाही, पण कान लालबुंद झाले. ते वाक्य काय होतं ते मी आत्ता सांगणार नाही. सांगायचं नसतं म्हटलं ना!

"कसं आहे?"

"बाई," होरेस घोगऱ्या आवाजात म्हणाला, "ह्यासाठी मी तीस वर्षं थांबलो असेन."

आता सिनेमाचं शास्त्र उलटं. शेवट आधी, सुरुवात कधीतरी नंतर. खाणावळीचा दिवाणखाना उभा होता म्हणून शेवटचा प्रसंग त्याच दिवशी घ्यायचा होता. दिग्दर्शक जेरल्ड फेनशॉ, लहानपणापासून पैशाच्या घरात वाढलेला, माणूस वाईट नव्हे, पण नाटकाच्या रंगपटात कधी पाय न ठेवलेला. हिल्डानं त्यालाही वाक्य सांगून ठेवलं होतं. तालीम सुरू झाली. मालकिणीचं काम करणाऱ्या मॉड थ्रेलबाई चहा ओतत आपलं वाक्य बोलल्या. होरेसनं वर्तमानपत्र खाली केलं आणि म्हणाला, "टमटम टमटम टम."

"पिंब्लेट, वाक्य बोला."

"प्रत्यक्ष चित्रीकरणात बोलेन, साहेब."

"मला कॅमेरा बाकीच्यांकडे कधी फिरवायचा ते कळायला नको?"

"टमटमचं शेवटचं टम आलं की फिरवा. मोजून तेवढंच आहे."

दिव्यांवरचे लोक खिदळले. फेनशॉचं डोकं तडकलं. "हे काय पोरखेळ चाललेत? हे नाटक नाही!"

"शेवटचं वाक्य आहे, साहेब. तालमीत बोललं तर आपटतं. नाटक आपटतं तर सिनेमा कसा तरेल?"

"मग ते वाक्यच नको! मिस थ्रेलच्या वाक्यावर संपवू. पहिल्यापासून तसंच होतं."

होरेसला एवढंच करायचं होतं, तोंड उघडायचं आणि बोलून टाकायचं. समोर आयुष्यातलं सोन्यासारखं वाक्य, आणि आपणच ते लाथाडतोय. पण जीभ काही रेटेना. त्याला खरंच वाटत होतं की आत्ता बोललो तर ह्या वाक्याला कुणी हसणार नाही, कधीच. वर्तमानपत्राची घडी घालत उभा राहिला, एरंडेली डोळ्यांनी जमिनीकडे बघत.

आता सगळे मॉडबाईंकडे बघायला लागले. कारण शेवटचं वाक्य मुळात त्यांचं. होरेसचं गेलं तर फायदा त्यांचाच. बाई नावाजलेल्या, जिभेच्या तिखट. त्यांनी चहाची किटली खाली ठेवली.

"जेरल्ड, बाळा," त्या म्हणाल्या, "ह्या माणसाच्या तोंडून तालमीत ते वाक्य वदवून घेतलंस तर ही मी चालले घरी. माझ्या आईच्या कंपनीत प्रेस्टनला एका गाढवानं तालमीत शेवटचं वाक्य बोलून टाकलं होतं. पहिल्या खेळाला पडदा पडला तो हार्मोनियमवाल्यावर. पूर्ण पडदा, काठीसकट!"

"पण बाई, तुमचं वाक्य..."

"माझं वाक्य कुठं जात नाही. आणि ह्याचं काय आहे ते मला ऐकायचंय, पण कॅमेऱ्यापुढे. आत्ता कुणी सांगितलं तर खबरदार."

फेनशॉनं कपाळ चोळलं. "ठीक आहे. पण एकदाच. फिल्म काय झाडाला लागत नाही. जमलं तर ठेवीन. चुकलं तर वाक्य गेलं, पिंब्लेट, आणि परत ह्या विषयावर बोलायचं नाही."

"एकदाच पुरे, साहेब," होरेस म्हणाला. खुर्चीत बसला आणि वर्तमानपत्र तोंडापुढे धरलं.

दिवे लागले. कॅमेरा फिरायला लागला. मॉडबाईंनी चहा ओतत वाक्य टाकलं, सगळे हसले, हसू ओसरत आलं. होरेस थांबला. फेनशॉच्या ओठांतली सिगरेट वाकडी झाली, तरी तो थांबला. मग वर्तमानपत्र सावकाश खाली आलं आणि तो ते वाक्य साध्या आवाजात, जेवणाबद्दल विचारावं तसं बोलला.

मॉडबाईंच्या हातून बशी सुटली. तीस वर्षांत रंगमंचावर बाईंचं भान कधी हरपलं नव्हतं, त्यांचा जबडा खराखुरा खाली आला. बाकीची मंडळी खरीखुरी दचकून मागे सरली. कॅमेऱ्यामागे एक दिवेवाला तोंडात टोपी कोंबून जमिनीवर बसला, आवाज रेकॉर्ड होऊ नये म्हणून. फेनशॉला "कट" म्हणायचं सुचेना.

"हाच ठेवा," अखेर तो म्हणाला. मग होरेसजवळ आला. "पिंब्लेट, तुम्ही महाबिलंदर आहात. त्यांचे चेहरे खरे दिसावेत म्हणून केलंत ना हे?"

"छे हो," होरेस दुखावून म्हणाला. "अपशकुन होतो म्हणून."

घरी विनी दारातच उभी. "बोललास? काय आहे वाक्य?"

"पहिल्या खेळापर्यंत नाही."

"अरे, मी बायको आहे तुझी!"

"म्हणून तर. टमटम टमटम टम."

विनीनं त्या दिवशी त्याच्या बटाट्यावर लोणी लावलं नाही. पुढे महिने गेले. होरेसची झोप उडाली होती. सिनेमा लांब झालाय अशी कुणकुण त्याला लागली होती, आणि लांब सिनेमाचं काय होतं ते त्याच्याइतकं कुणाला ठाऊक? विचारायची सोय नव्हती. विचारलं आणि "कापलं" म्हणाले तर?

सिनेमा लागला त्या शनिवारी दोघं स्ट्रेथमच्या थिएटरात जाऊन बसली. खुर्ची एक रिकामी नाही. लोक छान हसत होते. पडद्यावर होरेस कोपऱ्यात वर्तमानपत्रामागे बसलेला, आणि खुर्चीत होरेस टोपी पिळत बसलेला.

शेवट आला आणि त्याला घाम फुटला. कारण तिथल्या लोकांची खोड! सिनेमा संपला की राजाचं गीत, म्हणजे त्यांचं राष्ट्रगीत, वाजतं आणि मग ताठ उभं राहावं लागतं, तोवर बस चुकते. म्हणून शेवटच्या मिनिटाला सगळे कोटात हात घालून दाराकडे धावतात. झालंच तसं. पडद्यावर चहा ओतला जायला लागला आणि इकडे खुर्च्या खटाखट मिटायला लागल्या. अर्धी माणसं उभी. पुढचा जाडा गृहस्थ एक बाही घालून दुसरी शोधतोय.

"बसा ना हो," होरेस पुटपुटला. कोण ऐकतंय!

"बरं झालं बाई," पडद्यावर मॉडबाई म्हणाल्या, "आपल्या घरात खरं भूत कधी नव्हतंच."

हसू. धावपळ. होरेसनं डोळे मिटले. आता अक्षरं येणार, वाद्यं वाजणार, संपलं. पण वाद्यं वाजली नाहीत. पडद्यावर शांतता होती. दाराकडे निघालेले लोक, काय झालं म्हणून, मान वळवून थबकले. त्या शांततेत वर्तमानपत्र खाली आलं आणि होरेसचा आवाज थिएटरभर गेला.

"मग, बाई, सात वर्षं झाली, मला नाश्ता का मिळत नाही?"

एक क्षण काहीच नाही. मग बशी फुटली, मॉडबाईंचा जबडा खाली आला, आणि थिएटर असं फुटलं की होरेसला खुर्ची हादरलेली कळली. दाराशी गेलेले लोक भिंतीला धरून हसत होते. जाडा गृहस्थ एका बाहीनिशी परत खुर्चीत कोसळला आणि बायकोच्या पाठीवर थापा मारत सुटला, "नाश्ता! अगं, भूत तोच! नाश्ता!" बस कुणाला आठवत नव्हती.

विनीनं पर्स उगारून होरेसच्या खांद्यावर हाणली. डोळ्यांतून पाणी वाहत होतं तिच्या. "दुष्टा! इतके महिने एका उशीवर झोपलास आणि हे पोटात ठेवलंस!"

"आवडलं?" होरेसनं विचारलं.

"आवडलं काय विचारतोस? बघ की जरा त्यांच्याकडे!"

राजाचं गीत सुरू झालं. पळून गेलेला एकही नव्हता. अख्खं थिएटर हात सरळ करून ताठ उभं राहिलं, ओठ आवळून, खांदे गदगदा हलवत, आणि गीताच्या ऐन मधोमध मागे कुणीतरी परत फुटलं की त्याच्याबरोबर सगळी रांग फुटायची. त्या गर्दीत होरेस पिंब्लेट उभा होता, टोपी छातीशी धरून, मिशांतून पाणी गळत, आणि आयुष्यात पहिल्यांदा त्याला आपला चेहरा आवरता येत नव्हता.