जास्वंदीच्या फुलांची साक्ष

"काकू, ही सगळी लाइट बिलं घराची आहेत. भांडण परसाचं आहे!"

सुमनकाकूंनी पिशवी माझ्या टेबलावर उपडी केली होती. त्या गोंधळून म्हणाल्या, "अगं, पण परसात लाइट कुठे आहे?"

कपाळ माझं!

मी बनारसच्या दिवाणी कोर्टात वकिली करते. काकू दूधविनायक या इथल्या जुन्या मराठी वस्तीतल्या. काका गेल्यापासून एकट्याच. घरामागे दोन खाटा मावतील एवढं परस, त्यात काकांनी लावलेली जास्वंद. शेजारचे गजाननशास्त्री म्हणायचे, जागा आमची. त्यांना तिथे टूरिस्टांसाठी खोली बांधायची होती. काकूंच्या स्वयंपाकघराची एकुलती खिडकी त्या परसात उघडते. खोली झाली असती, तर म्हातारपणी भरदुपारी दिवा लावून पोळ्या लाटायची पाळी आली असती. आणि जास्वंद गेली असती ती वेगळीच.

मालकीचे कागद दोघांचेही अर्धवट. म्हणून मी फक्त कब्जावर केस लढवली. कब्जा म्हणजे जागा प्रत्यक्षात कोण वापरतं, कोण सांभाळतं. तो सिद्ध झाला, की समोरच्याला बांधकाम करायची कायमची मनाई मिळते. त्यालाच परमनंट इंजंक्शन म्हणतात. पण सिद्ध करणार कसं? गल्लीतलं कुणी साक्षीला येईना. सगळ्यांना दोन्ही घरी प्रसादाला जायचं होतं ना!

शेवटी जागा बघायला मी सकाळीच काकूंकडे गेले. चहा घेतेय, तोच परसाच्या फाटकातून हाक आली.

"वहिनी, चार फुलं नेऊ का?"

शास्त्रीबुवा! हातात परडी.

"न्या हो, भाऊजी," काकू आतूनच म्हणाल्या.

मी चाटच पडले. "काकू, कोर्टात भांडताय आणि दारात फुलं देताय?"

"रोजचंच आहे ते. भांडण त्यांचं नि माझं. गणपतीने काय केलंय?"

मग म्हणाल्या, "हे कोर्टात काढू नकोस हं. चारचौघांत ओशाळतील बिचारे."

"आणि तुमची खिडकी?"

काकूंनी एकदा खिडकीकडे पाहिलं. मग हळूच म्हणाल्या, "बरं. पण ओरडून विचारू नकोस त्यांना."

शास्त्रीबुवांची उलटतपासणी आली. जागा आपलीच, आपल्याच ताब्यात, असं ते ठणकावून सांगत होते. मी आवाज चढवला नाही.

"शास्त्रीजी, पूजा के फूल कहाँ से लाते हैं?"

"पीछे के पेड़ से."

"किसी से पूछकर?"

त्यांचे वकील ताडकन उठले. "सर, इसका केस से क्या लेना-देना?"

जज म्हणाले, "जवाब देने दीजिए."

शास्त्रीबुवांनी चष्मा काढला, पुसला, परत लावला. नाही म्हटलं असतं तर मी काहीच करू शकले नसते. मग ते खाली मान घालून म्हणाले, "भाभीजी से पूछकर लेते हैं, साहब. बिना पूछे तोड़ा फूल भगवान को नहीं चढ़ता."

स्वतःच्या जागेतलं फूल कुणी शेजारणीला विचारून तोडत नाही. निकालात जजसाहेबांनी तेच लिहिलं. काकूंना मनाई मिळाली.

खरं सांगते, त्या माणसाबद्दल मला फार माया वाटली. केस गेली, पण देवापुढे खोटी फुलं ठेवली नाहीत त्याने.

निकालाची नक्कल द्यायला गेले, तर काकूंचं तोंड उतरलेलं. "भाऊजी फुलांना येत नाहीत गं. त्यांचा गणपती तसाच बसला असेल."

"काकू, आपण जिंकलोय!"

तेवढ्यात फाटक करकरलं. शास्त्रीबुवा बाहेरच उभे होते. आवाज अगदी बारीक.

"वहिनी... चार फुलं नेऊ का?"

काकूंनी पदराने डोळे टिपले. "न्या की हो भाऊजी! आणि आता रोज रोज विचारत नका बसू. आपलंच समजून न्या."

मी चहाचा कप आपटत ओरडले, "काकू! अपिलाची मुदत संपायचीय अजून. विचारू द्या त्यांना!"