पिवळी साखर

गावंडे मॅडम छापील कागद कधीच सरळ धरून वाचत नसत. कॉम्प्युटरवर काढलेली रासायनिक रचना कुणी त्यांच्यापुढे ठेवली की त्या आधी कागद उलटा फिरवत, खिडकीच्या उजेडात नेत आणि रिफिल संपलेल्या पेनाच्या टोकाने एकेका कार्बनचे बंध मोजत. वर्गात त्यांचं मराठी अगदी पुस्तकी असे, पण मनात शंका आली की बाभुळगावचं वऱ्हाडी बाहेर पडे. "सरळ कागदावर डोयाचा लवकर भरोसा बसते," असं त्या म्हणत.

मी पहिल्यांदा त्यांच्यापुढे गेले ती अशीच एक रचना घेऊन. मी ढाणकीची, लग्न होऊन यवतमाळला आलेली, मॅडमच्याच कॉलेजात तासिका तत्त्वावर शिकवत होते आणि त्यांच्या हाताखाली पीएच.डी. करायची इच्छा होती. सॉफ्टवेअर नवीनच शिकले होते, त्यामुळे षटकोन कसे रेखीव, अक्षरं कशी एकसारखी, सगळं लग्नपत्रिकेसारखं छापून नेलं होतं. मॅडमनी कागद उलटा केला, बराच वेळ पाहिला आणि म्हणाल्या, "लयच सुंदर काढलं वं. पन हे बाटलीत हाये का फक्त कागदावर?" बाटलीत अजून नव्हतं. त्यांनी कागद परत दिला आणि मला प्रयोगशाळेचा रस्ता दाखवला.

शक घेणं हा त्यांचा स्वभाव नव्हता, ती त्यांची दिनचर्या होती. पंपावर पेट्रोल भरताना त्या स्कूटरवरून उतरून आकड्यासमोर जाऊन उभ्या राहत. भाजीवाल्याकडून एक वांगं चिरून घेतल्याशिवाय बाकीची घेत नसत. प्रयोगशाळेतल्या स्पिरिटच्या बाटलीवर पातळीची खूण करून ठेवत आणि सकाळी आल्याआल्या ती बघत. चहात दूध कमी वाटलं तर कॅन्टीनवाल्याला काही न बोलता नुसतं त्याच्याकडे पाहत राहत, आणि तो बिचारा दुसरा कप आणून देई. विभागातले लोक त्यांना मागे सीआयडी म्हणत. त्यांना ते ठाऊक होतं, आणि मला वाटतं आवडतही होतं.

त्यातही सगळ्यात जास्त शक त्यांना त्या रचना काढायच्या सॉफ्टवेअरचा. माउसला त्या हात लावत नसत. मी समजावून सांगायची की मॅडम, कार्बनला पाच बंध दिले तर ते लगेच लाल चौकट दाखवतं, चूक होऊ देत नाही. "लाल चौकट हात मोजते, अक्कल नाई मोजत," त्या म्हणायच्या. "चार हात देऊन तू काईबी काढ, ते काढू देते. कॉम्प्युटर कोनालेच नाई म्हनत नाई. आन जो कोनालेच नाई म्हनत नाई, त्याच्यापासून मानसानं दूर राहावं." वाकडी काढलेली रचना एका बटणावर सरळ करून मिळते हे दाखवलं तेव्हा तर त्या चिडल्याच. "माह्या वाकड्याले सरळ करायले याले सांगतलं कोनं?"

माझं काम पिवळ्या रंगाच्या, चालकोन नावाच्या संयुगांवर होतं. पदार्थ तयार केला की तो खरंच तोच आहे का हे ठरवायला एनएमआर नावाचा आलेख लागतो. रेणूत कोणता हायड्रोजन कुठे बसलाय ते त्यावरून कळतं. ते यंत्र आमच्याकडे कुठलं असणार! मग एक माणूस कॉलेजा-कॉलेजांतून सॅम्पल गोळा करून बाहेरगावी नेई आणि महिनाभरात आलेख आणून देई. त्याला सगळे सॅम्पलवाले भाऊ म्हणत. गोड बोलायचा. "मॅडम, सॅम्पलसोबत ड्रॉइंग तेवढं क्लिअर द्या जी, तिकडं मशीनवाल्याले सोपं जाते," असं म्हणून तो रचनेची छापील प्रत मागून घेई. जिल्ह्यातले निम्मे संशोधक त्याच्यावर अवलंबून होते.

आता तुम्ही विचाराल, भाजीवाल्याकडून वांगं चिरून घेणाऱ्या बाईला या माणसाचा शक कसा आला नाही? त्याचं कारण प्रशांत सर. मॅडमचा पहिला पीएच.डी.चा विद्यार्थी, आता दुसऱ्या कॉलेजात विभागप्रमुख. मॅडमनी लग्न केलं नव्हतं, मूलबाळ नव्हतं. प्रशांतचं नाव निघालं की त्यांचा चेहरा मऊ होई. सॅम्पलवाल्या भाऊला त्यांच्याकडे आणलं प्रशांत सरांनीच. "प्रशांतचा मानूस हाये," एवढं म्हणून मॅडमनी त्याला आत घेतलं होतं. त्यांचा शक जिथे थांबत असे अशी ती एकच जागा होती.

माझा प्रबंध तयार झाला तेव्हा पुसदच्या एका कॉलेजात कायम जागेची जाहिरात आली. पीएच.डी. सादर केलेली असली तर माझा नंबर लागण्यासारखा होता. बस, मॅडमची सही हवी होती. त्यांनी सगळे आलेख टेबलावर ओळीने मांडले. आजवर एकेक पाकीट येत गेलं, तसं पाहून फाइलला लागलं होतं. ओळीने मांडलेले त्या पहिल्यांदाच पाहत होत्या. सगळे उलटे फिरवले, पुन्हा सुलटे केले, आणि मला विचारलं, "ज्योती, याच्यात घाण कुठाय वं?"

मला कळेना. त्या म्हणाल्या, खऱ्या आलेखात पाण्याचा एखादा फालतू उंचवटा असतो, ज्यात पदार्थ विरघळवतात त्या सॉल्व्हंटचा असतो, कुठला तरी कचरा असतोच. "आपल्या लॅबमधे पंख्याची धूळ पडते, नळाले गढूळ पानी येते. आन तुह्या एकाही सॅम्पलात घाण नाई? हे तू बनवलं का देवानं?" सही न करता त्यांनी पेन बंद केलं.

त्या दिवशी मी घरी येऊन रडले. नवरा म्हणाला, "तुह्या मॅडमले तुले पुढं जाऊ द्याचंच नाई. कायले मागं लागतं त्यायच्या?" मलाही तसंच वाटायला लागलं. प्रशांत सरांच्या प्रबंधावर यांनी आनंदाने सही केली, आणि माझ्या वेळी घाण शोधतात! मुलाखत जवळ येत होती आणि ही बाई पाण्याचा उंचवटा शोधत बसली होती. मॅडम माझ्यावर शक घेत होत्या, मी मॅडमवर, आणि विभागात आम्ही दोघी एकमेकींशी कामापुरतं बोलत होतो.

मग एके दिवशी त्यांनी मला कॉम्प्युटरसमोर बसवलं आणि शेजारी खुर्ची ओढून म्हणाल्या, "शिकव मले."

"काय मॅडम?"

"हेच. ड्रॉइंग."

माउस त्यांनी असा धरला की जणू तो चावणार आहे. पहिला षटकोन पडद्यावर उमटला तेव्हा दचकल्या. पण पुढे रंगात आल्या. कडी जोडली, ऑक्सिजन लावला, क्लोरीन लावला, मग काढला, मग दुसरीकडे लावला. एक मोठा, डौलदार रेणू काढून झाल्यावर त्यांनी मला तो सरळ करायचं बटणही दाबायला लावलं. असा पदार्थ आमच्या लॅबमध्ये कुणी केला नव्हता. मी विचारलं तर म्हणाल्या, "जुनं काम हाये माहं." काढलेल्या रचनेचा आलेख कसा येईल याचा अंदाज सॉफ्टवेअर स्वतःच काढून देतं, हेही त्यांनी मला दाखवायला लावलं. तो अंदाज त्या बराच वेळ पाहत बसल्या.

दुसऱ्या दिवशी त्यांनी एक बाटली माझ्या हातात दिली. आत पिवळसर भुकटी होती. बाटली आणि रचनेची प्रत सॅम्पलवाल्या भाऊला द्यायला सांगितलं. मी दिली. महिन्याभराने त्याने पाकीट आणून दिलं, मी ते मॅडमना नेऊन दिलं. आलेख अगदी रचनेला शोभेल असा होता, एकेक उंचवटा जागच्या जागी. क्लोरोफॉर्ममध्ये विरघळवून मोजल्याचं खाली छापलं होतं.

मॅडम म्हणाल्या, "बस खाली. त्या बाटलीत साखर होती."

मी आलेख पुन्हा हातात घेतला.

"पिठीसाखर. खलात घोटली, रंग यावा म्हनून चिमूटभर हयद टाकली. साखर क्लोरोफॉर्ममधे इरघळत नाई हे अकरावीतल्या पोराले ठाऊक असते. त्यानं बाटली उघडून सुद्धा नाई पाह्यली. आपन देल्लं ड्रॉइंग कॉम्प्युटरात काढते, अंदाजाचा आलेख छापते, आन आपल्यालेच इकते."

म्हणजे माझे सगळे आलेख खोटे होते. पदार्थ मी खरे केले होते, हात जाळून घेतले होते, पण ते काय आहेत हे कुणी तपासलंच नव्हतं. मी विचारलं, "मग आता माझं काय, मॅडम?" त्या म्हणाल्या, "सगळं परत. आन या वेळी बाटल्या तू सोता घेऊन जाशीन."

मी बाटल्या घेऊन नागपूरला गेले, रांगेत थांबले, महिने गेले. पुसदची जागा अर्थातच दुसऱ्याला मिळाली. आलेख आले तेव्हा बहुतेक पदार्थ मी म्हणत होते तेच निघाले, पण दोन मात्र भलतेच होते. मी सॉफ्टवेअरमध्ये आनंदाने जे काढून ठेवलं होतं ते कधी तयारच झालं नव्हतं. पाण्याचा उंचवटा सगळ्यांत होता. मॅडमनी त्याच्यावर बोट ठेवलं आणि पहिल्यांदा मला शाबास म्हटलं. चुकलेले दोन्ही पदार्थ त्यांनी चुकलेले म्हणूनच प्रबंधात घालायला लावले.

मॅडमनी विद्यापीठाला सगळं कळवलं आणि इतर कॉलेजांनाही सावध केलं. सॅम्पलवाल्या भाऊचा फोन बंद झाला. पण लोकांचा राग मॅडमवर. ज्यांच्या पदव्या त्याच पाकिटांवर उभ्या होत्या ते त्यांच्याशी बोलेनासे झाले. सेवानिवृत्तीचा दिवस आला तेव्हा निरोप समारंभाचं कुणी नावही काढलं नाही. मी डब्यात पुरणपोळ्या नेल्या, आम्ही दोघींनी प्रयोगशाळेतच खाल्ल्या.

पदवी मिळाल्यावर पेढे घेऊन मी त्यांच्या घरी गेले. तब्येत तेव्हाच खालावली होती. बोलता बोलता त्या म्हणाल्या, "तुले एक सांगायचं राह्यलं. साखरेच्या बाटल्या दोन होत्या. एक तुह्या हातून धाडली, दुसरी मी सोता त्याले देल्ली, तुले न सांगता. दोन्हीचे आलेख खोटेच आले."

"दोन काहून, मॅडम?"

"फक्त तुह्याच बाटलीचा आलेख खोटा आला असता, तं चोर तू होती."

मला फार लागलं ते. इतकी वर्षं त्यांच्या हाताखाली राबले आणि माझ्यासाठी सापळा? मी उठलेच. त्यांनी हात धरून बसवलं. "रागावू नको वं. तुह्यावर शक घेतला म्हनून आज मी छातीवर हात ठेवून सांगू शकतो, ही पोरगी खरी हाये. भरोसा ठेवला असता, तं मले काय ठाऊक असतं? काईच नाई."

मग न राहवून विचारलं, "आणि प्रशांत सर? तो माणूस तर त्यांनीच आणला होता. त्यांना ठाऊक होतं का?"

मॅडम खिडकीकडे पाहू लागल्या. "त्याले मी इचारलं नाई," त्या म्हणाल्या. "इचारलं तं तो उत्तर देईन." एवढी करारी बाई, पण तेव्हा तिचा आवाज अगदी बारीक झाला होता.

पुढच्या उन्हाळ्यात मॅडम गेल्या. शोकसभेला कॉलेजचं सभागृह भरलं होतं, निरोप समारंभाचं नावही न काढणारे सगळे आले होते. शेवटी प्रशांत सर बोलायला उभे राहिले. "मॅडम सगळ्या जगावर शक घ्यायच्या," ते म्हणाले, "चहावर, पेट्रोलवर, आपणा सगळ्यांवर. पण माझ्यावर त्यांनी कधीच शक घेतला नाही. माझ्या आयुष्यातला सगळ्यात मोठा सन्मान कोणता असेल तर तो हाच." लोकांनी डोळे पुसले.

माझ्या शेजारी बसलेल्या सहकारी बाई माझ्याकडे झुकून हळूच म्हणाल्या, "तुह्यावर तं लयच घेत होत्या न वं?"

"हो," मी म्हटलं, "माझ्यावर घेतला होता," आणि मला हुंदका आवरेना.