चार वाजता तिथं कोण बसायचं

प्रिय रूथ आणि नोहा,

भुताखेतांच्या गोष्टींना आपल्या घरात बंदी होती आणि ती मीच घातली होती, हे तुमचे बाबा सांगतील. लहानपणी त्यांनी शाळेतून असली एक गोष्ट आणली, तेव्हा "कुणी पाहिलं? किती वाजता? उजेड होता का?" असे तीन प्रश्न विचारून मी त्यांना रडवलं होतं. जन्मभर मुलांना इंग्रजी शिकवलेली बाई मी... जे नीट वाक्यात मांडता येत नाही ते घडलेलंच नसतं, अशी माझी समजूत होती.

मागच्या रविवारी फोनवर रूथने विचारलं, "आजी, तू हल्ली जेवणाआधी प्रार्थना का म्हणत नाहीस?" मी नेटवर्कचं कारण सांगून फोन ठेवला. ते खोटं होतं. तुमची आई म्हणाली, इंटरनेटवर असे अनुभव लिहायचं एक मराठी पान आहे आणि ती तुम्हाला त्यातलं वाचून दाखवते. म्हणून तिथेच लिहिते आहे. वाचणाऱ्यांपैकी कुणाला उलगडा झाला तर जरूर कळवावं.

आधी माणसं. आपण मूळचे नगरचे ख्रिस्ती. तुमच्या आजोबांच्या रेल्वेच्या नोकरीमुळे बनारसला आलो आणि राहिलो. इथे मराठी बोलायला माणूस शोधावा लागतो. त्यासाठी मी एका वर्षी मराठी मंडळींच्या गणेशोत्सवाला जाऊन शेवटच्या रांगेत बसले होते. शेजारी एक ठेंगणी बाई ताटली घेऊन आली. "बाई, प्रसाद चालत नसेल तर नुसता पेढा समजून खा." त्या कुसुमताई. पंचगंगा घाटाच्या वरच्या गल्लीत त्यांचं घर. यजमान महाराष्ट्रातून येणाऱ्या यात्रेकरूंची पूजा सांगतात. सहा पिढ्या इथे गेल्यामुळे त्यांच्या मराठीत निम्मी हिंदी, पण बोलण्याचा ठसका अस्सल पुणेरी.

त्यांची मुलगी मुक्ता पाचवीपासून माझ्या शाळेत होती, घरीही इंग्रजी शिकायला यायची. मला टीचरमावशी म्हणायची. पुढे बँकेत लागली. चौतिसाव्या वर्षी पाठ दुखते म्हणून डॉक्टरकडे गेली आणि हाडांत कॅन्सर निघाला. तिला इथल्याच एका मोठ्या हॉस्पिटलात ठेवलं, त्याच आठवड्यात मी देवळाच्या... म्हणजे आपल्या चर्चच्या पायरीवरून घसरले आणि घोटा मोडला. सात आठवडे प्लास्टर. दुसरा मजला, लिफ्ट नाही. मी घरात अडकले.

आमच्या महिला मंडळात प्रार्थनेची साखळी असते. आजारी माणसाचं नाव वहीत लिहायचं, प्रत्येक बाईने दिवसातला अर्धा तास वाटून घ्यायचा आणि त्या वेळी आपापल्या घरी त्या नावासाठी प्रार्थना करायची. वही बावीस वर्षं माझ्याकडे. नियमही माझाच: एक नाव चाळीस दिवस, मग पुढचं. नाहीतर यादी कधी संपायचीच नाही.

मी कुसुमताईंना फोन करून विचारलं, "मुक्ताचं नाव घालू का?"

"घाला की. आमच्याकडचे सगळे देव करून झाले. तुमच्याकडे अर्जी लागत असेल तर लगेच लावा." मग म्हणाल्या, "तुमचा प्रेमळ आहे ना? तुम्हीच सांगता नेहमी."

"हो," मी म्हटलं.

माझी वेळ दुपारी चार ते साडेचार. खिडकीशी बसायचं, पाय स्टुलावर, अंगात तुमच्या आजोबांचा करडा स्वेटर. फेब्रुवारी होता, गारठा होता. आणि मी गोलगोल मागत नसे. 'प्रभू, तुझी इच्छा असेल तर' वगैरे मला जमत नाही. मी स्पष्ट मागायची: मुक्ता बरी होऊ दे.

नवव्या की दहाव्या दिवशी संध्याकाळी मुक्ताचा फोन आला. आवाज क्षीण, पण मिश्कील.

"टीचरमावशी, रोज येता, पण बोलत का नाही हो?"

"कुठे येते?"

"इथं. चार वाजता. खुर्ची ओढून बसता."

मी म्हटलं, बाळ, माझा पाय प्लास्टरमध्ये आहे, मी संडासापर्यंत वॉकर धरून जाते. मनात म्हटलं, मॉर्फिन.

"बरं, नाही येत," ती हसली. "पण आज काकांचा स्वेटर उलटा घालून आला होता. शिलाई बाहेर. मला शाळेत उलट्या मोज्यांवरून किती बोलायचात!"

मी खाली पाहिलं. शिवण बाहेर होती. सकाळपासून तसाच होता. त्या दिवशी घरात कुणी आलेलं नव्हतं, मोलकरीणसुद्धा नाही. ना फोटो, ना व्हिडिओ कॉल. तुमच्या बाबांना विचारलेले तिन्ही प्रश्न मी स्वतःला विचारले आणि तिन्हींची उत्तरं मिळाली. पाहिलं मुक्ताने, वाजले होते चार, उजेड स्वच्छ.

यानंतर ती जवळजवळ रोज सांगायची. बाकीच्या बायका आपापल्या वेळेला प्रार्थना करत होत्या, त्यांच्यातली कुणी तिला दिसली नाही. फक्त मी. चार वाजता येणार, साडेचारला नाहीशी होणार.

मी आमच्या चर्चच्या पाळकसाहेबांना सांगितलं. तरुण आहेत, भले आहेत. त्यांचे डोळे भरून आले. "बाई, ही साक्ष आहे. तुमची प्रार्थना पोचते आहे."

आणि मुलांनो, इथे मी चुकले. जन्मभर मी विश्वास ठेवला तो सवयीने, शिस्तीने, दात घासावेत तसा. आता पहिल्यांदा मला खात्री झाली. ज्याने माझी प्रार्थना स्वेटरच्या शिवणीसकट तिथे पोचवली, तो मागितलेलं देणार नाही? मी कुसुमताईंना फोन लावला आणि सांगून टाकलं, "मुक्ता बरी होणार. मला कळलं आहे."

 त्या म्हणाल्या, "बाई, तुम्ही हिसाबाने बोलणारं माणूस. तुम्ही म्हणता म्हणजे होणारच." दुसऱ्या दिवशी त्यांनी मुक्ताच्या खोलीला चुना लावून घेतला. डॉक्टर घरी न्या, आता तिथे ठेवून काही फायदा नाही म्हणत होते. कुसुमताई त्यांच्याशी भांडल्या आणि अजून एक औषध सुरू करायला लावलं. त्या औषधाने तिच्या तोंडात फोड आले. पाणीसुद्धा गिळवेना. ते माझ्या शब्दावर झालं.

चाळीस दिवस भरले. वहीत पुढचं नाव थांबलेलं होतं. बावीस वर्षांत मी कुणालाही एक दिवस वाढवून दिला नव्हता, आणि मुक्ताचं तर काम झालंच होतं असं माझ्या मनाने धरलेलं. मी तिच्या नावाखाली रेघ मारली. एक्केचाळिसाव्या दिवशी चार वाजता मी एका अनोळखी गृहस्थाच्या मूत्रपिंडासाठी प्रार्थना केली.

तीन दिवसांनी प्लास्टर निघालं आणि मी काठी टेकत थेट हॉस्पिटल गाठलं. बायकांचा वॉर्ड. शेजारच्या खाटेवर गाझीपूरकडची एक म्हातारी, जिला मी आयुष्यात पाहिलं नव्हतं. मला बघताच म्हणाली, "आइए अम्मा! तीन दिन से कहाँ थीं? रोज चार बजे आ जाती थीं। बिटिया दरवाज़ा ताकती रही।"

मी दारातच उभी राहिले. ड्यूटीवरच्या नर्सला विचारलं, माझ्या वयाची दुसरी कुणी यायची का? नाही. दुपारी दोन ते पाच वॉर्ड बंद असतो, पासशिवाय कुणाला सोडत नाहीत. चारला कुणीच नसतं.

मुक्ता उशीपेक्षा पांढरी दिसत होती. मला बघून रागावली. "का नाही आलात?"

मी खाली बसले. हात धरला. एक प्रश्न विचारायचाच होता, कारण तेवढ्यासाठीच मी आले होते. "मी यायची तेव्हा दुखणं कमी व्हायचं का गं?"

तिने विचार केला. शाळेतही ती उत्तर द्यायच्या आधी असाच विचार करायची. "नाही."

"थोडंसुद्धा?"

"नाही हो मावशी. तेवढंच दुखायचं. तुम्ही फक्त बसायचात, बघायचात. एकदा मी पाणी मागितलं. तुम्ही उठला नाहीत. एकदा खूप झालं तेव्हा म्हटलं, सिस्टरला बोलवा. तरी तशाच बसून. मला राग आला होता." मग माझ्या चेहऱ्याकडे बघून घाईने म्हणाली, "पण आलात तर बरं वाटायचं. कुणीतरी आहे असं."

मी उठून तिला चमच्याने पाणी दिलं. त्या सात आठवड्यांतलं माझं तिच्यासाठीचं खरं काम तेवढंच.

घरी येऊन वहीतली रेघ खोडली आणि चारच काय, सकाळपासून अंधार पडेपर्यंत प्रार्थना केली. पुन्हा तिच्याकडे कुणी आलं नाही. मी रोज फोनवर विचारायची, "आज मी आले होते का?" "नाही मावशी." नवव्या दिवशी सकाळी अकराला ती गेली. शेवटचे दोन दिवस ओरडत होती, असं कुसुमताईंनी मला सांगितलं. लपवलं नाही. तिला मणिकर्णिका घाटावर नेलं तेव्हा मी गल्लीच्या तोंडाशी रिक्षात बसून राहिले, पुढे पाय चालेना.

पाळकसाहेब भेटायला आले. मी त्यांना सरळ विचारलं, प्रेम करणारा देव हे होऊ का देतो? त्यांनी सगळी उत्तरं दिली, मी पेपर तपासावेत तशी ऐकली. माणसाला निवडीचं स्वातंत्र्य दिलं म्हणून दुष्टपणा आहे, म्हणाले. ते चाकू मारणाऱ्याला लागू होईल, हाडातल्या पेशींनी काय निवडलं? दुःखाने आत्मा घडतो, म्हणाले. मुक्ता मोडली, ते मी पाहिलं. त्याचे मार्ग आपल्याला कळत नाहीत, म्हणाले. हे खरं असेलही, पण वर्गात असं उत्तर लिहिणाऱ्याला मी शून्य दिलं असतं. शेवटी ते हळूच म्हणाले, "बाई, आपला देव दुःख पुसून टाकत नाही. तो स्वतः क्रुसावर गेला. तो येऊन दुःखात आपल्याशेजारी बसतो. तुम्हाला तर हे प्रत्यक्ष दाखवलं गेलं."

हे सगळ्यात चांगलं उत्तर आहे, मुलांनो. मोठ्या माणसांची पुस्तकंही शेवटी इथेच येऊन थांबतात. मी त्यांना म्हटलं, "साहेब, मी 'तिच्याशेजारी बस' असं मागितलं नव्हतं. आणि बसायचंच होतं तर निदान पाणी द्यायचं."

 चहा निवला.

महिन्याभराने कुसुमताई आल्या. दोन मजले चढून धापा टाकत. मी माफी मागायला तोंड उघडलं, तर त्यांनी हात वर केला. "ते राहू द्या. तुम्ही खोटं बोलला नाहीत, मला मालूम आहे. एक सांगायला आले. माझ्या छातीत दुखतंय, डॉक्टरने टेस्ट लिहून दिल्यात. माझं नाव तुमच्या वहीत घालू नका."

"नाही घालत."

"आणि मनातसुद्धा घेऊ नका. मला काय व्हायचं ते होऊ दे. पण कुणी समोर येऊन बसून बघत राहू नये."

मी कबूल केलं. वही दुसऱ्या दिवशी मंडळाच्या अध्यक्षांकडे दिली, गुडघ्यांचं कारण सांगून.

मी अजून नास्तिक झालेली नाही. तसं झालं असतं तर सोपं गेलं असतं. माझी अडचण उलटी आहे: कुणीतरी ऐकतं, हे आता मला पक्कं ठाऊक आहे. वेळ, खाट, शिवण, सगळं बिनचूक. पण ती खुर्चीत बसलेली बाई कोण होती, तिला कुणी पाठवलं, आणि ज्याला एवढं पोचवता येतं त्याला एक पेला पाणी का पोचवता आलं नाही... याचा उलगडा मला आजवर झालेला नाही.

रूथ, तुझ्या प्रश्नाचं उत्तर हेच. आजोबा गेल्यापासून मी रोज सकाळी तुमची दोघांची नावं घेऊन प्रार्थना करायची. आता नोहाचा दमा वाढल्याचं तुमची आई सांगते, तेव्हा मी डोळे मिटते. नाव ओठांपर्यंत येतं. आणि मी तोंड बंद करते, कारण मी मागितलं तर नोहाच्या खोलीत कोण येऊन बसेल, हे मला माहीत नाही.

तुमची,
आजी