कोठार भरलंय, मावशी

"कोठार भरलंय, मावशी. गोळ्या कशाला खातेस?" असं सांगून भाचा मोकळा झाला आणि घोटाळा करून बसला. तो रक्त तपासायच्या लॅबमध्ये नळ्यांवर चिठ्ठ्या चिकटवायचा. घरात त्याला 'अर्धा डॉक्टर' म्हणत. अर्ध्या हळकुंडानं पिवळं व्हायला तेवढं पुरे असतं. फेरिटिन म्हणजे शरीरात लोह साठवून ठेवणारं प्रथिन, एवढं त्याला पाठ होतं. शिवणकाम करणाऱ्या मावशीच्या रिपोर्टात फेरिटिनचा आकडा चांगला दणदणीत होता. मावशीनं लोहाच्या गोळ्या बंद केल्या.

तेव्हा तिचे सांधे सुजले होते, हे त्याच्या ध्यानातच आलं नाही. तीन महिन्यांत शिलाई मशीन चालवायचंही त्राण तिच्या पायांत उरलं नाही. डॉक्टरीणबाई म्हणाल्या, "अंगात सूज असली की फेरिटिन वाढतंच. कोठारात माल दिसतो, पण दाराला कुलूप असतं. रक्ताला काही मिळत नाही."

भाचा खाटेशी मान खाली घालून बसला.

"मग चावी कुणाकडे?" मावशीनं विचारलं.

तो रिपोर्ट उलगडून पुन्हा आकडा शोधू लागला.

"जाऊ दे रे, अर्ध्या डॉक्टरा. तुझा सदराही अर्धाच पडलाय माझ्याकडे." तिनं उशाशी ठेवलेला सदरा ओढला. सुईत दोरा ओवताना तीनदा हुकला. त्यानं ओवून दिला, तोवर तिचा डोळा लागला होता.

डावी बाही अजून लावायची राहिलीच आहे.