वहीतली बाई

लग्नानंतर चार वर्षांनी मी एका बाईचा इतका हेवा केला, की तिला बघायला डोंगर चढले. गोष्ट तीस सालानंतरची, आम्ही रत्नागिरीत भाड्याच्या दोन खोल्यांत राहत होतो तेव्हाची.

हे शाळेत शास्त्र शिकवायचे. झाडापाल्याचा यांना भारी नाद. दिवाळीच्या सुट्टीत भाऊबीज झाली, की पाठीवर पिशवी घ्यायची, मोटारीनं हातखंब्यावरून सावर्ड्यापर्यंत जायचं आणि तिथून बैलगाडीनं सह्याद्रीच्या पायथ्याशी एका वाडीत. तिथं एका शेतकऱ्याच्या घरी दोन-तीन दिवस उतरायचं. घरचा म्हातारा यांना डोंगरावर न्यायचा. येताना हे रद्दी वर्तमानपत्रांत दाबलेली पानंफुलं घेऊन यायचे आणि पुढं महिनाभर आमच्या खोलीला वाळल्या गवताचा वास यायचा. मी कधी त्यात लक्ष घातलं नाही. त्यांनीही घालायला सांगितलं नाही.

एकदा टेबल पुसताना त्यांची वही उघडी दिसली. झाडांची नावं होती आणि खाली टिपणं. ‘ती म्हणते, कोवळा पाला भाजीला चालतो.’ ‘ती म्हणते, हे फूल गौरीला लागते.’ ‘ती म्हणते, गुराचा पाय मुरगळला तर ही साल बांधावी.’ मी पानं उलटत गेले. पानोपान ‘ती म्हणते’.

संध्याकाळी हे शाळेतून आले. चहा पुढं ठेवून मी विचारलं, “वहीतली ती कोण?”

“कोण ती?”

“सगळं काही म्हणणारी.”

“अगं, म्हाताऱ्याची सून. म्हाताऱ्याला आता दिसत नाही नीट. गेल्या दिवाळीत तिनंच वाट दाखवली.”

“तुम्हाला एकट्याला?”

“म्हातारी होती की. अर्ध्या वाटेपर्यंत.”

एवढं बोलून हे चहा प्यायला लागले. त्यांच्या मनात काही नव्हतं हे मला दिसत होतं, आणि तरी माझ्या मनातलं जाईना. अर्धी वाट गेल्यावर पुढं काय बोलली असेल ती? आमच्या घरी हे दिवसाला मोजून दहा वाक्यं बोलायचे, त्यातली चार शाळेबद्दल. त्या बाईशी मात्र पानंच्या पानं भरतील इतकं बोलणं झालं होतं. मी तिला मनात उभी केली. तरणीताठी, गोरीपान, हसरी. रोज तिच्यात थोडी भर घालत गेले. जेवताना हे गप्प बसले, की वाटायचं, आता डोंगरावर असतील.

पुढच्या दिवाळीत मी म्हटलं, “यंदा मीही येते.”

हे चष्मा पुसत म्हणाले, “चालवेल तुला?”

ते काळजीनं म्हणाले असतील. मी मात्र तोच प्रश्न धरून ठेवला आणि दुसऱ्या दिवशी बोचकं बांधलं. त्यात तांदूळ, पीठ, तूप असा शिधा घेतला. दुसऱ्यांच्या चुलीवरचं आम्ही खात नसू. निदान मी तरी खात नव्हते.

गाडी वाडीत पोचली तेव्हा उन्हं कलली होती. खळ्यात भाताची मळणी चाललेली. मी उतरायला लागले तसं यांनी माझ्या हातातलं बोचकं घेतलं. समोरून एक बाई पदरानं तोंड पुसत आली. तिशीची असेल, काळी, हाडापेरानं मजबूत, पुढचा एक दात अर्धा तुटलेला. पाय भुश्यानं भरलेले. हीच ती, हे कळल्यावर वर्षभराचं ओझं उतरल्यासारखं मला वाटलं. मी स्वतःवर हसले सुद्धा.

ते समाधान जेवणापर्यंत टिकलं.

“मास्तर, औंदा उशीर केलात. अमरीची फुलं गळून गेली,” ती म्हणाली.

“सगळी?”

“एका झाडावं हायत. ती तुमच्यासाठी ठेवलीत. पोरांना सांगितलं, हात लावाल तर याद राखा.”

आणि हे हसले. मोठ्यानं, मान मागं टाकून. चार वर्षांत असं हसताना मी यांना पाहिलं नव्हतं. मी शिध्याचं गाठोडं सोडायला घेतलं, तसं हे माझ्याजवळ येऊन हळूच म्हणाले, “इथं आपण वेगळं शिजवायचं नाही. मी कधी शिजवत नाही.” हेही मला नवीनच. मग ओटीवर पानं मांडली. नाचणीची भाकरी, कुळथाचं पिठलं, वर कच्चा कांदा. यांनी पिठलं दोनदा मागून घेतलं. त्याच महिन्यात मी घरी कुळथाचं पिठलं केलं होतं आणि हे पान पुसून उठले होते, बरं नाही की वाईट नाही. मी पहिला घास कसाबसा घेतला. भाकरी चांगली होती. तेही मला आवडलं नाही.

म्हातारा भिंतीला टेकून बसला होता. हे त्याच्या डोळ्यांची चौकशी करत होते, म्हातारीशी भाताबद्दल बोलत होते, गाय कधी व्यायची ते विचारत होते. मी त्या बाईच्या दिसण्याचा धसका घेऊन आले होते. आता पाहिलं तर धसका भलत्याच गोष्टीचा घेतला होता. हे त्या सगळ्या घरातच वेगळे होते, आणि ते वेगळे ‘हे’ माझ्या वाट्याला कधी आले नव्हते.

सकाळी धुकं विरल्यावर निघालो. ती पुढं, अनवाणी, कमरेला कोयती. तिच्यामागं हे. त्यांच्यामागं मी. म्हातारी ठरल्याप्रमाणं अर्ध्या वाटेवरच्या दगडापर्यंत आली आणि “गुडघं नाय म्हणतात” म्हणून परतली. पुढं कारवीचं रान लागलं, मग उघडा कातळ, मग गुडघाभर गवत. हे दर दहा पावलांवर थांबायचे.

“याला काय म्हणतेस?”

“दिंडा. ढोरं तोंड लावत नायत.”

“आणि हे?”

“त्याला नाव नाय. लहानपणी आमी कानात घालायचो.”

हे तेही लिहून घ्यायचे. मी मागं उभी राहायची. माझ्या पायात काटा गेला, तो मी माझा मीच काढला. कुणाला सांगितलं नाही. थोडं सांगावंसंही वाटत होतं आणि कुणी विचारलं नाही याचा रागही धरायचा होता.

डोंगराच्या कुशीतून एक अरुंद वाट आडवी जात होती. एका बाजूला कडा, दुसरीकडं उताराचं गवत. हे सवयीनं पटकन पलीकडं गेले आणि वळणाआड दिसेनासे झाले. बाई वाटेच्या तोंडाशी थांबली आणि मला हात पुढं केला.

“वयनी, हात द्या. त्या दगडावं पाय नको, तो हलताय.”

“मला येतं,” मी म्हटलं.

मी हात दिला नाही. नेमका त्याच दगडावर पाय ठेवला. दगड निसटला आणि मी गवतावरून घसरत खाली गेले. फार नाही, पुरुषभर खाली असेन. पण त्याखाली दरी होती. कारवीचे दोन-तीन बुंधे हाताला लागले ते धरून लोंबकळत राहिले. तोंडातून आवाज फुटेना.

ती ओरडली नाही. कोयती वर फेकून बसत-सरकत माझ्याही खाली गेली आणि उतारावर पाय रोवून उभी राहिली.

“माझ्या खांद्यावं पाय द्या.”

“अगं, पण...”

“द्या म्हंते ना. सगळा भार टाका. मी रोज ह्याच्याहून जड लाकडाचं भारं आणते.”

मी तिच्या खांद्यावर पाय दिला. ती इंच इंच उठत गेली तशी मी वर गेले आणि वाटेवर पालथी पडले. मागून तीही आली. तिच्या खांद्यावर, लुगड्यावर माझ्या पावलाची माती उमटली होती. दुसऱ्याला पाय लागला, की आपण हात लावून नमस्कार करतो. तसा माझा हात आपोआप तिच्या खांद्याकडं गेला.

तिला हसू आलं. “ऱ्हावदे, वयनी. देव कोपायचा नाय.”

धाप बसेपर्यंत आम्ही तिथंच बसलो. माझी कोपरं सोलली होती. तिनं कसला तरी पाला चावून त्यावर लावला. हे असते तर यांनी लगेच नाव विचारलं असतं. मी विचारलं नाही.

मग ती म्हणाली, “काल तुमी गाडीतनं उतरलात, तवा मास्तरांनी तुमचं बोचकं हातात घेतलं.”

“मग?”

“मला बरं नाय वाटलं.”

मी तिच्याकडं पाहिलं. ती गवताची काडी मोडत होती.

“माझा मानूस मुंबईत, गिरणीत. गणपतीला येतो, शिमग्याला येतो. आला की गाडीपासनं घरापतुर त्याची ट्रंक माझ्याच डोक्यावं. तो पुढं चालणार, गाववाल्यांशी बोलत. त्याचं काय वाटत नव्हतं मला. सगळ्यांचं तसंच. काल बगितलं, तवा वाटलं.”

मला काही तरी बोलायला हवं होतं. मीही तिला सांगायला हवं होतं, की तू माझ्या नवऱ्याला हसवतेस, तो तुला झाडांची नावं विचारतो, मला कधी काही विचारत नाही. ते ओठापर्यंत आलं होतं. पण ती माझा हेवा करते हे कळल्यावर मला आतून इतकं बरं वाटलं, की ते सुख मला कमी करायचं नव्हतं. मी गप्प बसले. ती मात्र मनातलं सांगून मोकळी झाली होती.

वळणाआडून यांची हाक आली. “काय झालं? येताय ना?”

“येतोय,” ती म्हणाली. मी घसरल्याचं तिनं यांना सांगितलं नाही. कोपरं पाहून यांनी विचारलं, तेव्हा मीच सांगितलं. पुढची सगळी वाट हे माझ्यामागून चालले.

डोंगरमाथ्यावर भैरीचं लहानसं देऊळ आणि कातळात खोदलेलं पाण्याचं टाकं. अमरीचं झाड तिथंच होतं. यांनी फुलाला हात न लावता आधी बराच वेळ नुसतं पाहिलं. मीही पाहिलं. फूल सुंदर होतं, आणि ते कुणी राखून ठेवलं होतं हे विसरता येत नव्हतं.

उतरताना पायथ्याजवळ एक झुडूप लागलं. त्याला पीळदार हिरव्या शेंगा.

“केवण,” ती म्हणाली. “सालीचा दोर करतात. लय चिवट.”

यांनी पेन्सिल काढली, तोच मी म्हटलं, “आमच्या पावसला हिला मुरडशेंग म्हणतात. बाळाच्या पोटात मुरडा आला, की उगाळून देतात. बाळगुटीतही घालतात.”

हे माझ्याकडं बघत राहिले. “हे तू कधी सांगितलं नाहीस.”

“तुम्ही विचारलं नाहीत.”

माझा आवाज मला वाटला त्याहून कडू आला असावा, कारण ती बाई चटकन पुढं निघून गेली. यांनी खाली बघत वहीत लिहिलं. घरी आल्यावर मी ते पान शोधून वाचलं. ‘पावस भागात मुरडशेंग. बाळगुटीत वापर. माहिती घरातून.’ मी ‘घर’ झाले होते. त्यावरून मी आणखी आठ दिवस धुमसले. तरी त्यानंतर हे अधूनमधून विचारायला लागले. परसातल्या वेलीचं नाव, माझ्या आईकडचं औषध. मी सांगत असे. कधी ठाऊक असून मुद्दाम उशिरा सांगत असे.

पुढच्या दिवाळीत आम्ही पुन्हा गेलो. खळ्यात म्हातारी एकटी उभी होती. सून मुंबईला गेली, तिनं सांगितलं. मुलाला चाळीत खोली मिळाली, त्यानं बोलावून घेतलं. हे “बरं झालं” म्हणाले आणि ओटीवर बसून बुटाचे बंद उगाच सोडत-बांधत राहिले.

मला आनंद झाला. खोटं कशाला लिहू. तिला नवरा मिळाला म्हणून झाला असता तर चांगलं होतं. पण तो आनंद तसा नव्हता. मला वाटलं, आता ते हसणं माझ्या वाट्याला येईल.

दुसऱ्या दिवशी म्हातारी तिच्या त्या दगडापर्यंत आली आणि म्हणाली, “पुढचं मला ठाव नाय. पुढं तीच जायची.” मी म्हटलं, मला आठवतंय. मी पुढं झाले. कारवीच्या रानात दोन वाटा फुटल्या. मी डावी धरली; हे नेहमीसारखे वाटेपेक्षा झाडांकडं बघत मागून आले. तासाभरानं ती एका सुक्या ओढ्यात जाऊन संपली. यांनी मला एका शब्दानं दोष दिला नाही. “असू दे,” म्हणाले आणि ओढ्यातल्या दोन-तीन वनस्पती घेऊन आम्ही परतलो. जेवताना पिठलं होतं, भाकरी होती. हे गप्प जेवले, अगदी घरच्यासारखे.

निघायच्या आधी म्हातारा म्हणाला, “मास्तर, सुनेला चार ओळी लिहून द्या.” यांनी कागद-पेन्सिल माझ्याकडं सरकवली. “तू लिही. तुझं अक्षर चांगलं आहे.”

मी मांडी घालून लिहायला बसले. म्हातारा सांगत गेला. भात बरं आलं. गाईला पाडी झाली. डोळ्यांचं आहे तसंच आहे. म्हातारीनं मध्येच सांगितलं, लोणचं पाठवलंय, बरणी परत पाठव. मग म्हातारा यांच्याकडं वळला. “तुमी काय सांगता, मास्तर?”

हे थोडा वेळ डोंगराकडं बघत होते. “लिही, मास्तर आठवण काढत होते. तुझ्यावाचून वाट सापडली नाही.”

मी लिहिलं, ‘मास्तर आणि वहिनी येऊन गेले. सर्व ठीक.’

“वाचून दाखवा,” म्हातारा म्हणाला.

मी वाचून दाखवलं. शेवटी आले तेव्हा यांनी सांगितलेलं वाक्य, कागदावर नसलेलं, जसंच्या तसं मोठ्यानं म्हटलं. म्हातारीनं मान हलवली. हे समाधानानं उठले आणि गाडीवाल्याला हाक मारायला गेले. मी पत्राची घडी घातली, आणि सावर्ड्याला पोचल्यावर माझ्या हातानं पेटीत टाकलं.